पाठमोरें दर्शन

मनुष्याच्या व्याख्या आजवर पुष्कळ झाल्या. कोणी त्याला विचार करणारा प्राणी म्हटलें, कोणी हंसणारा, तर कोणी हत्यारें घडविणारा. या यादींत आपणहि एक भर घालावी असा मोह अलीकडे आम्हांस होऊं लागला आहे: दुसऱ्या प्राण्याच्या शेजारीं उभा राहून स्वतःचें छायाचित्र काढतो तो मनुष्य. परंतु ही व्याख्याहि निर्वेध नाहीं. इंडोनेशियांतील सुलावेसी बेटावर डेव्हिड स्लेटर नांवाच्या ब्रिटिश छायाचित्रकाराच्या कॅमेऱ्याशीं खेळतां खेळतां एका तुरेवाल्या काळ्या माकडानें स्वतःचाच दांत दाखविणारा चेहरा टिपला. २०११ सालीं तें चित्र जगभर गाजलें. आणि त्याचा मालक मनुष्य कीं माकड हा वाद अमेरिकेंतील न्यायालयांत जाऊन २०१८ सालीं अपील न्यायालयानें माकडास कॉपीराइटचा दावा सांगतां येत नाहीं असा निकाल दिला. निकाल कायद्याला धरूनच असेल. त्याबद्दल आमची तक्रार नाहीं. आम्हांस त्या चित्रांत लक्षांत घेण्यासारखी वाटली ती गोष्ट निराळीच. त्या माकडानें आपल्या शेजारीं कोणा माणसाला उभें करून घेतलें नव्हतें. त्याच्या कुतूहलाला त्याचा एकट्याचा चेहरा पुरला. आम्हां माणसांस मात्र हल्लीं आपला चेहरा एकटा पुरत नाहीं. त्याच्या मागें वाघ लागतो, हत्ती लागतो, गळ्यांत नाग लागतो.

वन्य प्राण्यांबरोबर फोटो काढावा कीं नाहीं, आणि काढावयाचा तर कसा, हा प्रश्न नीतिशास्त्राच्या पंक्तीस बसविण्याच्या योग्यतेचा आहे काय, असें कोणी सुशिक्षित वाचक विचारील. सहलीला गेलेल्या कुटुंबानें चार फोटो काढले तर त्यांत धर्माधर्म तो कसला? आमचें उत्तर असें कीं, मोठ्या अपराधाच्या वेळीं मनुष्य बहुधा सावध असतो. ज्या गोष्टी त्याला अगदीं निरुपद्रवी वाटतात त्यांतच त्याची परीक्षा होते. ३१ डिसेंबर २०२४ रोजीं नागपूरजवळच्या उमरेड-पवनी-कऱ्हांडला अभयारण्यांत एक वाघीण आपल्या पांच बछड्यांसह रस्त्यावर असतां पर्यटकांच्या गाड्यांनीं दोन्ही बाजूंनीं तिची वाट अडविली. हीं माणसें शिकारी नव्हतीं. वर्ष संपतांना वाघ पाहावा म्हणून आलेलीं तीं तुमच्याआमच्यासारखीं माणसें होतीं. त्या प्रकाराचीं चित्रें बाहेर पसरल्यावर मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानें आपण होऊन त्याची दखल घेतली. त्यापूर्वीं दोनच महिने, ऑक्टोबर २०२४ मध्यें, गडचिरोली जिल्ह्यांत एक तरुण मजूर रानटी हत्तीबरोबर सेल्फी घेण्याच्या प्रयत्नांत हत्तीच्या पायांखालीं सांपडून मेला. एका ठिकाणीं जनावर कोंडलें गेलें, दुसऱ्या ठिकाणीं माणूस प्राणास मुकला. पहिल्या गोष्टीस आपण नियमभंग म्हणतों, दुसरीस दुर्घटना म्हणतों, आणि दोहोंचा एकमेकींशीं कांहीं संबंध आहे असें आपल्या मनांतहि येत नाहीं. आमच्या मतें या दोन गोष्टींचें मूळ एकच आहे.

येथें प्रथम एक भेद केला पाहिजे. प्राण्याचा फोटो ही एक गोष्ट आणि प्राण्याबरोबर फोटो ही दुसरी. आपल्या देशांतील जंगलांत कॅमेरा शिरला तो बंदुकीचा प्रतिस्पर्धी म्हणून. संयुक्त प्रांतांतील वनाधिकारी एफ्. डब्ल्यू. चँपियन यानें अशी योजना केली कीं, वाघाच्या नित्याच्या वाटेवर तार लावून ठेवावी, तिच्यावर वाघाचा पाय पडावा, आणि त्यासरशीं लख्ख उजेड होऊन वाघानें आपलें चित्र आपणच काढावें. १९२७ सालीं 'विथ अ कॅमेरा इन टायगर-लँड' हें त्याचें पुस्तक निघालें व वाघ मारल्यावांचूनहि घरीं आणतां येतो हें लोकांस दिसलें. जिम कॉर्बेट हा तर मूळचा शिकारी. पुढें तोहि चलच्चित्रांचा कॅमेरा घेऊन रानांत बसूं लागला. कॅमेऱ्याची घरघर वाघांच्या कानीं जाते असें आढळल्यावर त्यानें एका ओहोळावर लहान लहान बांध घातले, हेतु हा कीं पाण्याच्या खळखळाटांत यंत्राचा आवाज बुडून जावा. १९४४ सालच्या 'मॅन-ईटर्स ऑफ कुमाऊं' या पुस्तकाच्या अखेरीस त्यानें बंदूक व कॅमेरा यांची तुलना करून कौल दिला तो कॅमेऱ्याला. हा सगळा खटाटोप कशाकरितां? वाघाला आपला सुगावा लागूं नये याकरितां. चँपियनच्या प्रकाशानें वाघ दचकत असला पाहिजे, तेव्हां त्याची रीत सर्वस्वीं निर्दोष होती असें आम्ही म्हणत नाहीं. तथापि त्या चित्रांत वाघ आहे, रान आहे, आणि चित्र काढणारा मात्र कोठेंच नाहीं. आज व्याघ्रगणनेंत हीच युक्ति शास्त्रीय पद्धतीनें वापरली जाते. २०१८ सालच्या गणनेंत देशभर २६,८३८ ठिकाणीं असे स्वयंचलित कॅमेरे लावले होते, आणि अंगावरच्या पट्ट्यांवरून एकेक वाघ वेगळा ओळखला गेला.

असा फोटो प्राण्याविषयीं कांहीं सांगतो. प्राण्याबरोबर काढलेला फोटो सांगतो तो माणसाविषयीं. मी येथें आलों होतों, मी भ्यालों नाहीं, माझ्या वाट्याला हें भाग्य आलें, या विधानांच्या पुष्ट्यर्थ वाघाला साक्षीस उभें केलेलें असतें. कोर्टांत साक्षीदाराला निदान समन्स तरी मिळतें.

तत्त्वज्ञानाचे अभ्यासक येथें कांटचें वचन पुढें करतील कीं, मनुष्याला केवळ साधन म्हणून वापरूं नये. परंतु कांटनें पशूंना या कक्षेबाहेर ठेविलें होतें. पशूंशीं निर्दयपणें वागल्यानें मनुष्य मनुष्याशींहि निर्दय होतो, एवढ्यापुरतीच त्याला त्यांची चिंता. बेंथॅम पुढें गेला व त्यानें वेदनेची कसोटी लावली. ही कसोटी मोठी खरी, पण आमच्या प्रश्नाला ती पुरत नाहीं, कारण फोटो काढल्यानें जनावराला प्रत्येक वेळीं वेदना होतेच असें नाहीं. आम्हांस वाटतें, पाहावयाचें तें हें कीं, या प्रसंगीं जनावराला 'नको' म्हणण्याची सोय आहे कीं नाहीं. परक्या माणसाचा फोटो काढावयाचा तर आपण त्याची परवानगी घेतों. त्यानें हात आडवा केला तर थांबतों. जनावराचा आडवा हात म्हणजे कान मागें घेणें, चरतां चरतां मान वर करणें, बसलें असेल तर उठणें, उठलें असेल तर निघून जाणें. हें सर्व करूनहि माणूस हटला नाहीं, तर त्याच्यापाशीं एकच शब्द उरतो, आणि तो गडचिरोलीच्या त्या हत्तीनें उच्चारला. मग आपण जनावर पिसाळलें असें म्हणतों.

आतां हा सेल्फी नांवाचा प्रकार यंत्राच्या अंगानेंहि थोडा तपासून पाहण्यासारखा आहे. मोबाइलच्या दर्शनी बाजूचें भिंग विस्तृत कोनाचें असतें. हात लांब केला असतां नवरा, बायको, दोन मुलें व पाठीमागचा देखावा एवढें सगळें चौकटींत मावावें म्हणून तें तसें केलेलें. अशा भिंगाचा गुण असा कीं, त्यांत जवळची वस्तु मोठी दिसते व लांबची वस्तु आहे त्याहून पुष्कळ दूर व लहान दिसते. तीस पावलांवरचा हत्ती त्यांत दुकानांतल्या खेळण्याएवढा दिसतो. तो हत्ती म्हणून ओळखूं यावा यासाठीं फोटो काढणारा एकेक पाऊल मागें सरतो. आणि त्याचें मागें म्हणजे हत्तीच्या दिशेनें! दूरचें जवळ आणणारें लांब भिंग वापरणारा मनुष्य जागचा न हलतां वाघाच्या मिशा मोजतो. सेल्फी काढणाऱ्याला त्याचें यंत्रच जनावराच्या अंगावर लोटतें, आणि त्या वेळीं त्याची नजर असते ती स्वतःच्या केसांवर.

अमेरिकेंतील यलोस्टोन राष्ट्रीय उद्यानांत अस्वल व लांडगे यांपासून सुमारें ९१ मीटर आणि इतर मोठ्या जनावरांपासून सुमारें २३ मीटर दूर राहण्याचा नियम आहे. तेथें २०१५ सालीं बायसनच्या, म्हणजे त्या देशांतील रानटी गव्यांच्या, धडकेनें पांच माणसें जखमी झालीं. त्यांतील तिघें तीन ते सहा फुटांवरून फोटो काढीत होतीं, आणि तिघांपैकीं दोघांनीं त्याकरितां जनावराकडे पाठ फिरविली होती. इकडे सुंदरबनांत १९८० नंतरच्या दशकांत मध व लांकूड आणावयास जाणाऱ्या लोकांनीं डोक्याच्या मागच्या बाजूस माणसाच्या चेहऱ्याचे मुखवटे बांधून पाहिले. वाघ बहुधा पाठीमागून येतो, आपल्याकडे पाहणाऱ्या चेहऱ्यावर चालून येण्यास तो कचरतो, अशी त्यांतील कल्पना. पोटासाठीं रानांत शिरणारा गरीब मनुष्य वाघाकडे पाठ होऊं नये म्हणून खोटा चेहरा लावतो. आणि सहलीसाठीं शिरणारा सुखवस्तु मनुष्य आपला खरा चेहरा दुसरीकडे वळवून वाघाला मुद्दाम पाठ देतो.

या पाठ देण्याविषयीं आमच्याकडील जुना संकेत प्रत्येक घरांत ठाऊक आहे. देवदर्शन झाल्यावर माणूस गाभाऱ्यासमोरून एकदम वळत नाहीं. हात जोडून चार पावलें मागें सरतो व मग वळतो. देवाला पाठ दाखवूं नये असें आपल्या आजीनें आपणांस सांगितलेलें असतें. अनेक देवळांत फोटो काढण्यास बंदी आहे व ती मोठमोठे हौशी लोकहि मुकाट्यानें पाळतात. दर्शन या शब्दांत पाहणाऱ्याला थोडें लहान होऊन उभें राहावें लागतें. मधें उंबरठा असतो, आणि पलीकडून आपल्याकडे कोणी पाहत आहे ही जाणीव असते. प्रदर्शनांत यांतलें कांहींच लागत नाहीं. पालघर-ठाण्याकडील वारली व सह्याद्रींतील महादेव कोळी वाघोबाला देव मानतात. रानाच्या कडेला लांकडाच्या किंवा दगडाच्या फळीवर वाघोबा कोरलेला असतो आणि वाघबारसेला त्याला नैवेद्य दाखविला जातो. या पूजेंत वाघाची भेट व्हावी अशी प्रार्थना नसते, उलट ती न व्हावी अशी असते. आमच्या गुराढोरांकडे येऊं नको, आम्ही तुझ्या वाटेला जाणार नाहीं, असा तो एक शेजारधर्म आहे. ही निव्वळ भीति आहे असें म्हणून हंसणारे हंसोत. आम्हांस तर त्यांत भीति व आदर यांची फारकत झालेली दिसत नाहीं, आणि ती न झाल्यामुळेंच तीं माणसें व ते वाघ इतकीं वर्षें शेजारीं राहूं शकलीं.

याच ठिकाणीं आम्हांस आमचा मूळ मुद्दा सांपडतो. सुरक्षितता आणि आदर हे दोन निरनिराळे नियम आहेत अशी सर्वांची समजूत असते: पहिला आपल्यासाठीं, दुसरा जनावरासाठीं. पण रानांत हे दोन्ही एकाच अंतरावर येऊन मिळतात. ज्या अंतरावर जनावराला आपल्याविषयीं कांहीं ठरवावें लागत नाहीं, पळावें कीं अंगावर जावें हा प्रश्नच त्याच्यापुढें उभा राहत नाहीं, तेंच अंतर आपल्याला निर्धोक असतें. राष्ट्रीय व्याघ्र संवर्धन प्राधिकरणाच्या २०१२ सालच्या मार्गदर्शक नियमांत वन्य प्राण्यापासून निदान २० मीटर दूर राहावें, प्राणी पाहतांना दोन गाड्यांमध्यें ५० मीटर अंतर ठेवावें, आणि एका गाडीनें १५ मिनिटांहून अधिक थांबूं नये असें सांगितलें आहे. हे आंकडे कोणाला दांडगाईचे वाटतात. आम्हांस ते कमीत कमी वाटतात. कारण जनावराचें खरें अंतर आंकड्यांत बसत नाहीं. पिलें बरोबर असलेल्या वाघिणीचें अंतर निराळें, शिकारीवर बसलेल्या वाघाचें निराळें, माजावर आलेल्या हत्तीचें तर फारच निराळें.

यावर एक आक्षेप हमखास येतो. ताडोबाचे किंवा कान्हाचे वाघ आतां गाड्यांना सरावले आहेत. ते ढुंकूनहि पाहत नाहींत. मग त्यांना त्रास कसला? आक्षेप सकृद्दर्शनीं वजनदार आहे. परंतु हैदराबादच्या सीसीएमबी या संशोधनसंस्थेंतील शास्त्रज्ञांनीं कान्हा व बांधवगड येथील वाघांची विष्ठा तपासून २०१९ सालीं असें प्रसिद्ध केलें कीं, पर्यटन बंद असतांनाच्या काळापेक्षां पर्यटनाच्या हंगामांत त्यांच्या शरीरांतील ताणदर्शक संप्रेरकांचें प्रमाण वाढलेलें असतें, आणि गाड्यांच्या वर्दळीशीं त्याचा संबंध दिसतो. वाघ आळसावून पडलेला दिसतो, पण आंत शरीर वेगळेंच सांगत असतें. जनावराचा चेहरा वाचण्याचें शिक्षण आपणांस नाहीं, आणि नसल्याची जाणीवहि नाहीं. सुलावेसीच्या त्या माकडाचे दांत पाहून जग 'किती गोड हंसतें आहे' म्हणालें. पण माकडांच्या कित्येक जातींत दांत विचकणें ही भीतीची किंवा शरणागतीची खूण असते. आग्नेय आशियांतील लोरिस या लहानशा निशाचर प्राण्याचें उदाहरण तर अंगावर कांटा आणणारें आहे. त्याला गुदगुल्या केल्या असतां तो दोन्ही हात वर करतो अशा चित्रफिती लाखों लोकांनीं कौतुकानें पाहिल्या. वास्तविक लोरिसच्या कोपराजवळ एक ग्रंथि असते. संकट दिसलें कीं तो हात वर करून तिच्यांतील स्राव लाळेंत मिसळतो, व त्यायोगें त्याचा दंश विषारी होतो. म्हणजे ज्याला आपण आनंदाचे वर केलेले हात समजलों ती त्याची शेवटची ढाल. त्यानें चावूं नये म्हणून व्यापारी त्याचे दांत चिमट्यानें तोडतात, आणि मग पर्यटक त्याला खांद्यावर घेऊन फोटो काढतात.

पाळीव केलेल्या वन्य पशूंबरोबरचे फोटो हा प्रकार कोणास अधिक निर्धोक वाटेल. थायलंडांत कांचनबुरीजवळ एक 'व्याघ्रमंदिर' होतें. भिक्षूंच्या सान्निध्यांत शांत पहुडलेल्या वाघाच्या अंगावर हात ठेवून पैसे भरून फोटो काढावा, अशी तेथें सोय होती, आणि अहिंसा व भूतदया यांचा हा साक्षात्कारच आहे असें मानून लोक परत येत. २०१६ सालीं सरकारी अधिकाऱ्यांनीं तेथून १३७ वाघ हलविले. तेव्हां शीतपेटींत ४० बछड्यांचीं प्रेतें मिळालीं. वाघ माणसाच्या मांडीला मांडी लावून बसलेला दिसला, कीं तो तसा बसावा म्हणून त्याच्यावर काय काय झालें असेल, एवढा एक प्रश्न मनांत येण्यास भूतदया नव्हे, साधी चौकसबुद्धि पुरे आहे.

उमरेडच्या प्रकरणाकडे पुन्हा एकवार वळतों, कारण त्यांत एक गोष्ट आम्हांस बोचत राहिली आहे. त्या प्रकरणीं गाडीचालक व मार्गदर्शक यांच्यावर निलंबनाची कारवाई झाली. नियम त्यांनीं मोडला, तेव्हां शिक्षा त्यांना होणें प्राप्तच होतें. पण जंगलांतील गाडींत बसणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक आहे कीं, गाडी कोणाच्या इच्छेनें पुढें जाते. सकाळचे तीन तास वाघ दिसला नाहीं म्हणजे मागच्या बांकावरून सुस्कारे सुरू होतात. दुसऱ्या गाडीला 'सायटिंग' झाल्याची बातमी येतांच घाई सुरू होते. आणि वाघ दिसल्यावर 'थोडी पुढें घ्या, झाड मधें येतें आहे' हे शब्द तर ठरलेले. मार्गदर्शक हा जवळच्या खेड्यांतला तरुण; त्याच्या दिवसाच्या कमाईंतला कांहीं भाग आपल्या खुषीवर अवलंबून असतो, आणि आपली खुषी फोटोवर. अशा माणसाला नियमाचा रखवालदार नेमून आपण स्वतः नियमाच्या बाहेर बसतों. 'नाहीं साहेब, येथूनच पाहा' असें म्हणणाऱ्या मार्गदर्शकाच्या हातीं दोन रुपये अधिक ठेवणारें एखादें कुटुंब निघालें, तर त्या रानांत निलंबनाच्या दहा हुकुमांनीं होणार नाहीं इतका फरक पडेल असें आम्हांस वाटतें.

सर्पांच्या बाबतींत तर महाराष्ट्राचा अनुभव विशेष आहे. गेल्या कांहीं दशकांत गांवोगांवीं सर्पमित्र तयार झाले, घरांत निघालेला साप काठीनें ठेचण्याऐवजीं त्यांना बोलावण्याची रीत पडली, आणि असंख्य साप व माणसें वांचलीं. हें काम थोर आहे. परंतु पकडलेला नाग पिशवींत घालून रानांत सोडण्यापूर्वीं अंगणांत फणा काढून उभा केला जातो, आळींतलीं मुलें जवळ घेऊन फोटो होतात, कोणी शेंपटी धरतो, कोणी फणेचें चुंबन घेण्याचें धाडस करतो. आणि अनेक वर्षें साप हाताळलेलीं माणसें अशाच एखाद्या क्षणीं दंशानें गेल्याच्या बातम्या आपण वाचल्या आहेत. फणा म्हणजे नागाचें नृत्य नव्हे, तें त्याचें 'मागें सर' आहे. सांगली जिल्ह्यांतील बत्तीस शिराळ्याच्या नागपंचमीवर २०१४ सालीं उच्च न्यायालयानें निर्बंध घातले तेव्हां परंपरेवर घाला पडला अशी ओरड झाली. नागाची पूजा करणाऱ्यांच्या श्रद्धेविषयीं आम्हांस शंका नाहीं. पण जिवंत नाग हातीं धरून कॅमेऱ्याकडे पाहणें हा परंपरेचा भाग केव्हांपासून झाला, हें त्यांनींच सांगावें.

पक्ष्यांविषयीं थोडक्यांत सांगतों. उजनी जलाशयाच्या कांठीं भिगवणला रोहित पक्षी येतात. बसलेल्या थव्यापेक्षां उडणारा थवा चित्रांत शोभतो म्हणून नावाड्याला नाव थव्यांत घालावयास सांगणारे महाभाग असतात. पक्ष्याला प्रत्येक उड्डाणाची किंमत खाल्लेल्या अन्नांतून मोजावी लागते. घरट्याचा फोटो नीट यावा म्हणून आडव्या फांद्या तोडणारे तर आपण काय केलें हें जाणतहि नाहींत: तीं पानें सावलीसाठीं होतीं, आणि कावळ्याच्या नजरेपासून आडोशासाठीं होतीं.

आमचें म्हणणें ऐकून कोणी म्हणेल, 'तुमच्या मतानें चाललें तर मुलांनीं जनावरांवर प्रेम करावें तरी कसें? जवळ गेल्यावांचून माया उपजत नाहीं.' हा आक्षेप आम्ही हलका मानीत नाहीं. शहरांतल्या मुलाला वाघ केवळ पुस्तकांत भेटला तर वाघाच्या रानासाठीं तो मोठेपणीं एक शब्दहि बोलणार नाहीं; शिवाय या पर्यटनावर कित्येक खेड्यांची चूल पेटते, आणि चूल पेटली तरच रान राहतें. तेव्हां घरीं बसा असें आम्ही सांगत नाहीं. परंतु जवळीक म्हणजे स्पर्श नव्हे. तुकोबांनीं रानांतल्या जीवांना आपले नातेवाईक मानलें. नातेवाइकाच्या घरीं आपण जातों तेव्हांहि बाहेर चपला काढतों आणि मुलांना 'कशाला हात लावूं नका' म्हणून दटावतों.

हें जमतें, आणि सामान्य कुटुंबांना जमतें, याचें उदाहरण फार लांब शोधावयास नको. रत्नागिरी जिल्ह्यांतील मंडणगड तालुक्यांत वेळास म्हणून समुद्रकांठचें खेडें आहे. इतिहासाच्या वाचकांस तें नाना फडणिसांचें गांव म्हणून माहीत असेल; आतां तें कासवांचें गांव म्हणून प्रसिद्ध आहे. ऑलिव्ह रिडले जातीच्या माद्या थंडीच्या दिवसांत तेथील वाळूंत अंडीं घालतात. पूर्वीं तीं अंडीं लोक उकरून नेत. २००२ पासून चिपळूणच्या सह्याद्रि निसर्ग मित्र या संस्थेनें गांवकऱ्यांच्या साहाय्यानें तीं राखावयास आरंभ केला, आणि २००६ पासून तेथें कासव महोत्सव होऊं लागला. पुण्यामुंबईचीं कुटुंबें गांवांतल्या घरींच उतरतात व मोदक-सोलकढीचा पाहुणचार घेतात. पिलें बाहेर आलीं म्हणजे तीं समुद्रापासून थोड्या अंतरावर वाळूंत सोडतात. दोन्ही बाजूंना दोरी बांधलेली असते व माणसें दोरीमागें उभीं राहतात. पिलूं उचलून तळहातावर घ्यावयाचें नाहीं, त्याच्या वाटेंत पाऊल टाकावयाचें नाहीं. उजेड पाडावयाचा नाहीं, कारण क्षितिजाकडील उजेडावरून तीं समुद्राची दिशा ओळखतात व विजेचा झोत पडला तर भलतीकडे वळतात. मुठीएवढा तो जीव लाटेपर्यंत पोंचण्यास कधीं कधीं बराच वेळ घेतो. लाट त्याला एकदोनदां परत आणून टाकते. आणि एरवीं क्षणभर स्वस्थ न बसणारीं पोरें तेवढा वेळ श्वास रोखून पाहतात.

फोटो तेथेंहि निघतात, आणि कुटुंबाचेहि निघतात. फक्त ते काढणारा मागें उभा असतो, व घरचीं सगळीं समुद्राकडे तोंड करून. अशा फोटोंत कोणाचा चेहरा दिसत नाहीं, कासव तर ठिपक्याएवढेंहि दिसत नाहीं, आणि नातेवाइकांना दाखविला असतां 'यांत आहे काय?' असें विचारतात. परंतु आजीचा खोंचलेला पदर, धाकट्याची वाकडी टोपी आणि वडिलांची मागें बांधलेली हाताची घडी यांवरून कोण कोणता हें घरच्यांना ओळखूं येतें.